चोर, शिपाई आणि तोतया



बरेच दिवसांनी लिहितोय. मध्यंतरी डोळ्याचं ऑपरेशन झालं, त्यामुळे पडद्यापुढे बसायला बंदी होती. धाकट्या बहिणीचा फोन आला, "दादा, तुझं लिखाण बंद का? आता काय सगळं लिहून संपलं?" संपलेलं काही नाही. उलट एक गोष्ट बरीच वर्षं लिहायची राहून गेली आहे. ती आज लिहायची ठरवली आहे, पण माझ्या सवयीप्रमाणे सरळ मुद्द्यावर येणार नाही. वर्गात छत्तीस वर्षं हेच केलं, आता कसली सुधारणा व्हायची!

सुरुवात एका खेळापासून करतो.

चार चिठ्ठ्या करायच्या. राजा, प्रधान, शिपाई, चोर. घड्या करून मुठीत खळखळवायच्या आणि जमिनीवर टाकायच्या. प्रत्येकाने एक उचलायची, आपल्यापुरती वाचायची आणि तोंडावर काही दिसू द्यायचं नाही. राजा म्हणणार, "माझा शिपाई कोण?" शिपाई चिठ्ठी दाखवणार. मग उरलेल्या दोघांत चोर कोण ते त्याने ओळखायचं. राजाला हजार, प्रधानाला आठशे, शिपायाला पाचशे आणि चोराला शून्य. शिपाई चुकला तर त्याचे पाचशे चोराला. आमच्या मेहकरकडे असे आकडे होते, तुमच्याकडे वेगळे असतील. कुठे प्रधानाऐवजी राणी असते, कुठे वजीर. उन्हाळ्याच्या सुट्टीत दुपारी बाहेर ऊन रणरणत असायचं, तेव्हा घरोघरी हा खेळ चालायचा. पाठकोऱ्या कागदावर गुण मांडायचे आणि त्यावरून भांडायचं.

आता जरा हिशेब करा. शिपायाला दोघांतून एक ओळखायचा असतो. म्हणजे त्याने डोळे मिटून बोट दाखवलं तरी निम्म्या वेळा तो बरोबर येणार. तरीही प्रत्येक शिपायाला वाटायचं की आपल्याला माणसं ओळखता येतात. मलाही वाटायचं. पुढे मी शिक्षक झालो आणि ते वाटणं पक्कंच झालं.

टाळेबंदीच्या वर्षी, म्हणजे २०२० साली, पुण्याच्या नातवाने फोनवर एक खेळ शिकवला. 'अमंग अस' नाव. एक अंतराळयान, त्यात आठ-दहा रंगीबेरंगी बाहुले. त्यातले बहुतेक प्रामाणिक कामगार. त्यांनी यानातली बारीकसारीक कामं करायची. आणि एक, दोन किंवा तीन लबाड, म्हणजे तोतये. तेही कामगारासारखेच दिसतात. ते कामं केल्याचं सोंग करतात आणि कोणी एकटा सापडला की त्याचा काटा काढतात. मृतदेह दिसला की सगळ्यांची सभा भरते. सभेत बोलायचं, संशय घ्यायचा आणि मतदान करायचं. ज्याला जास्त मतं त्याला यानाबाहेर फेकून द्यायचं. सगळे तोतये बाहेर गेले किंवा कामं पूर्ण झाली की कामगार जिंकले. तोतये आणि कामगार यांची संख्या सारखी झाली की तोतये जिंकले.

नातू पुण्याला, नात नागपूरला, पुतण्याचा मुलगा अमेरिकेत आणि मी मेहकरला. सगळे एका यानात! आमची ही म्हणाली, "म्हातारपणी हे काय सुचलं?" पण त्या दिवसांत नातवंडांना भेटण्याचा तोच एक मार्ग होता.

पहिल्याच डावात मला बाहेर फेकलं. मी तोतया नव्हतो हो! मी आपला इमानेइतबारे वायरी जोडत होतो. सभा भरली, भराभर मजकूर येऊ लागला, आणि मी एका बोटाने "मी खालच्या खोलीत होतो" हे लिहीपर्यंत वेळ संपली. नातू म्हणाला, "आबा गप्प आहेत म्हणजे आबाच." चार मतं पडली आणि मी अंतराळात गेलो. दुसऱ्या डावातही तसंच झालं. तेव्हा खूप हसलो. नंतर मात्र ते वाक्य डोक्यातून जाईना. त्याचं कारण पुढे सांगतो.

मास्तराची खोड म्हणून या खेळाचं मूळ शोधलं. १९८६-८७ च्या सुमारास मॉस्को विद्यापीठात मानसशास्त्र शिकणाऱ्या दिमित्री दाविदोव्ह नावाच्या तरुणाने 'माफिया' हा खेळ रचला. त्यात ना पट लागतो ना सोंगट्या. नुसती माणसं हवीत. थोड्यांना सगळं माहीत असतं आणि पुष्कळांना काहीच माहीत नसतं. या दोन गटांतली लढाई, एवढीच त्याची कल्पना. वसतिगृहांतून तो पसरला. पुढे १९९७ साली अँड्र्यू प्लॉटकिन या अमेरिकन माणसाने त्याला लांडग्याचं रूप दिलं. गावात माणसाच्या वेषात लांडगे राहतात, रात्री ते एकाला खातात आणि दिवसा गाव सभा भरवून कोणाला तरी फासावर देतं. मग तो इंटरनेटवर आला. 'अमंग अस' निघाला २०१८ मध्ये, पण दोन वर्षं त्याला फारसं कोणी विचारलं नाही. २०२० मध्ये जग घरात कोंडलं गेलं आणि तो घराघरांत पोचला. २०२१ पासून एका डावात पंधरा जणांना खेळता येऊ लागलं.

गंमत म्हणजे गणिती लोकांनीही यावर निबंध लिहिले आहेत. ब्रेव्हरमन, एतेसामी आणि मोसेल या तिघांनी २००८ साली दाखवलं की, गावाकडे माहिती काढणारा कोणीच नसेल तर अगदी मूठभर लबाड पुरतात. खेळाडू चौपट केले तर लबाड फक्त दुप्पट करायचे, पारडं सारखंच राहतं. म्हणजे गाव जितकं मोठं तितका लबाडांचा वाटा कमी असला तरी चालतो. पण गावात शोध घेणारा एक जरी गुप्तहेर असला तर चित्र बदलतं. मग लबाडांना गावाच्या ठराविक हिश्श्याइतकं बळ लागतं. थोडक्यात, नुसती सभा आणि मतदान यांनी खरं कळत नाही. कोणीतरी जाऊन पाहणारा लागतो.

हे वाचलं आणि मला आपला इतिहास आठवला. इतिहासाचा मास्तर नव्हतो मी, मराठी शिकवायचो. पण खेड्यातल्या शाळेत एक मास्तर गैरहजर असला की दुसऱ्याला त्याचा विषय घ्यावाच लागतो, आणि तिथून इतिहासाची गोडी लागली.

भाऊसाहेबांचा तोतया तुम्हाला माहीत असेलच. न. चिं. केळकरांचं 'तोतयाचे बंड' हे नाटक याच प्रकरणावर आहे. १४ जानेवारी १७६१ ला पानिपत झालं. सदाशिवरावभाऊ रणात पडले, पण घरच्यांनी त्यांना शेवटचं पाहिलेलं नव्हतं. त्यांच्या पत्नी पार्वतीबाईंनी वैधव्य पत्करलं नाही. १७८३ मध्ये त्या गेल्या, तोपर्यंत त्या सौभाग्यवतीच राहिल्या. भाऊ परत येतील ही आशा एका बाईची नव्हती, घरोघरी कोणी ना कोणी गमावलेल्या सगळ्या मुलुखाची होती.

या आशेच्या जागी एक माणूस येऊन उभा राहिला. सुखनिधान नावाचा उत्तरेतला कनोजा ब्राह्मण. चेहऱ्यामोहऱ्याने भाऊंसारखा. थोरल्या माधवरावांच्या काळात त्याला पकडून आणलं, चौकशी झाली, तो तोतया ठरला आणि त्याला किल्ल्यावर कैदेत ठेवलं. माधवराव गेले १७७२ मध्ये. १७७३ मध्ये नारायणरावांचा खून झाला. सवाई माधवरावांचा जन्म १७७४ चा, म्हणजे गादीवर पाळण्यातलं मूल. राघोबादादा इंग्रजांकडे. कारभार नाना फडणीस आणि बारभाईंच्या हाती. अशा वेळी, १७७६ मध्ये, रत्नागिरीचा अंमलदार रामचंद्र नाईक परांजपे याने कैदेतल्या तोतयाला बाहेर काढून भाऊसाहेब म्हणून उभं केलं. बघता बघता कोकणातले किल्ले त्याच्याकडे गेले, फौज जमली.

एक सिद्ध झालेला खोटा माणूस अकरा-बारा वर्षांनी पुन्हा खरा कसा झाला? तो काही जास्त हुशार झाला नव्हता. बदललं होतं ते गाव. ज्यांना पाळण्यातल्या पेशव्यापेक्षा पराक्रमी कर्ता पुरुष हवा होता, त्यांना भाऊसाहेब हवे होते. ज्यांना नानांचा राग होता, त्यांनाही हवे होते. आणि काहींनी तर 'इतके जण म्हणतायत म्हणजे असेल' म्हणून मुजरा केला असेल. खेळात तोतयाला जिंकवणारे हेच तीन प्रकारचे लोक असतात. एकाला विश्वास ठेवायचा असतो, दुसऱ्याला त्यात फायदा असतो आणि तिसरा बहुमताबरोबर जातो.

महादजी शिंदे आणि भिवराव पानसे यांनी बंड मोडलं. मुंबईकडे पळताना तोतया कुलाब्याच्या आंग्र्यांच्या हाती लागला. पण पुढचं महत्त्वाचं. पकडल्याबरोबर त्याला मारलं नाही. पुण्यात आणून पंच नेमले, पुन्हा चौकशी केली आणि मग त्याच वर्षाच्या अखेरीस त्याला देहांत शिक्षा झाली. रणात मारला असता तर भाऊसाहेबांनाच मारलं असं लोक म्हणत राहिले असते. नाना फडणीस कसेही असोत, एवढं त्यांना कळत होतं की नुसतं माणसाला बाहेर काढून भागत नाही. तो कोण होता हे चारचौघांत सांगावं लागतं. हे वाक्य लक्षात ठेवा, मी शेवटी त्याकडे परत येणार आहे.

दुसरी गोष्ट तर आपल्या बुलढाणा जिल्ह्यातली. सिंदखेडराजा जिजाऊंमुळे सगळ्यांना माहीत आहे. पण त्याच तालुक्यातल्या साखरखेर्ड्याला १७२४ साली एक मोठी लढाई झाली, हे आमच्या भागातल्या मुलांनाही सांगावं लागतं. एका बाजूला निजामुल्मुल्क, दुसऱ्या बाजूला हैदराबादचा सुभेदार मुबारिजखान. दोघेही दिल्लीच्या महंमदशहा बादशहाचे नोकर! निजाम डोईजड झाला म्हणून दिल्लीच्या दरबाराने आतून मुबारिजखानाला फूस दिली होती. वरून मात्र निजामाबद्दल गोड बोलणं चालूच. निजामाला हे कळलं होतं. त्याआधी काही महिने माळव्यात नालछाला त्याने बाजीराव पेशव्यांची भेट घेऊन ती बाजूही सांभाळली होती.

लढाईत मुबारिजखान मारला गेला. मग निजामाने काय करावं? त्याने मुबारिजखानाचं मस्तक बादशहाकडे पाठवलं. आपल्या एका बंडखोराचा मी बंदोबस्त केला, आपलं अभिनंदन, असा त्याचा भाव. ज्याला बादशहानेच पाठवलं होतं, त्याचंच डोकं बंडखोर म्हणून बादशहाला नजर! आणि बादशहाने ते मुकाट्याने घेतलं. पुढच्याच वर्षी दख्खनची सुभेदारी आणि आसफजाह किताब निजामाला मिळाला. हैदराबादच्या आसफजाही राज्याची सुरुवात इथून धरतात. साखरखेर्ड्याचं नाव त्याने फत्तेखेर्डा ठेवलं.

नातवाला ही गोष्ट सांगितली तर तो म्हणाला, "आबा, हा तर प्रो प्लेअर आहे!" खरं आहे. या खेळात बलवान तोतया पकडला जात नाही. सगळ्यांना माहीत असतं, पण नाव घ्यायची कोणाची छाती होत नाही. तेव्हा सभेत जे बोललं जातं आणि माणसं मनात जे जाणतात, त्यांत फार अंतर असतं.

सोंगाचा उपयोग नेहमी वाईटासाठीच होतो असंही नाही. १७ ऑगस्ट १६६६ ला महाराज आग्र्याहून निसटले, तेव्हा त्यांच्या पलंगावर हिरोजी फर्जंद हातात महाराजांची अंगठी घालून, पांघरूण घेऊन निजला होता, असं बखरी सांगतात. पहारेकऱ्याला जे दिसायला हवं होतं तेवढंच दिसत होतं. पांघरुणाबाहेर एक हात. बाकीचं त्याने स्वतःच मनाने पूर्ण केलं. सोंगाचं सगळं शास्त्र त्या एका हातात आहे.

असो. वाचणाऱ्यांत माझ्या नातवंडांच्या वयाचेही आहेत, आणि त्यांना डाव कसा जिंकायचा एवढंच हवं असणार. तर गेल्या चार-पाच वर्षांत पुष्कळदा हरून जे शिकलो ते देतो.

तोतया झालात तर कमीत कमी खोटं बोला. तुम्ही ज्या खोलीत खरंच गेला होता तीच सांगा, फक्त तिथे काय केलं ते बदला. कामाचं सोंग करताना वरच्या कामाच्या पट्टीकडे लक्ष ठेवा. तुम्ही काम "संपवून" निघालात आणि पट्टी हललीच नाही, तर शेजारी उभा असलेला हुशार गडी लगेच ओळखतो. पहिला आरोप तुम्ही करू नका आणि शेवटचाही करू नका, मधे करा. आणि आपला साथीदार सापडलाच आहे असं दिसलं तर त्याला वाचवायला जाऊ नका. उलट त्याच्याविरुद्ध मत द्या. पुढचे दोन डाव तुमच्यावर कोणी संशय घेत नाही. (हे लिहिताना मला राजकारणातली बरीच मंडळी आठवली, पण ती नावं इथे नकोत.)

कामगार झालात तर तीन प्रश्न विचारा. कुठे होतास? बरोबर कोण होतं? काय पाहिलंस? "मला वाटतं" असं सांगणाऱ्याला बाजूला ठेवा आणि "मी पाहिलं" असं म्हणणाऱ्याला आणखी विचारा. जोडीने फिरू नका, तिघांनी फिरा. जोडीतला दुसरा कोण हे तुम्हाला माहीत नसतं. आणि मोजायला शिका. समजा सात जण उरलेत, त्यांत दोन तोतये. एक चुकीचं मतदान झालं की चार कामगार आणि दोन तोतये. मग एकाचा खून झाला की तीन आणि दोन. पुन्हा एक चुकीचं मतदान, दोन आणि दोन, डाव खलास. म्हणजे तोतयाने मारला फक्त एक. बाकी दोन प्रामाणिक माणसं गावानेच स्वतःच्या हाताने बाहेर काढली. म्हणून पुरावा नसेल तर मत न देण्याची सोय खेळात ठेवली आहे. ती वापरा. मत न देणं हेही एक मत आहे.

आणि शेवटचं. जो गप्प आहे तो चोर, हे डोक्यातून काढून टाका. गप्प राहण्याची शंभर कारणं असतात. एखाद्या म्हाताऱ्याला नुसतं टाइप करता येत नसतं.

आता ती राहून गेलेली गोष्ट.

१९८४-८५ चं वर्ष. मी तेव्हा एका गावच्या हायस्कूलला होतो आणि आठवीचा वर्गशिक्षक होतो. सहलीचे पैसे गोळा करत होतो. एकशे चाळीस रुपये झाले होते, ते पाकिटात घालून टेबलाच्या खणात ठेवले होते. निदान माझी तशी समजूत होती. मधल्या सुट्टीनंतर पाहिलं तर पाकीट नाही. एकशे चाळीस रुपये तेव्हा लहान रक्कम नव्हती.

मी विचारलं, "मधल्या सुट्टीत वर्गात कोण होतं?" मुलांनी एका मुलाकडे बोट दाखवलं. शेवटच्या बाकावरचा, अबोल पोरगा. त्याला पुढे बोलावलं. "तू होतास?" मान हलवली. "बाकी सगळे बाहेर असताना तू वर्गात काय करत होतास?" गप्प. पुन्हा विचारलं, गप्प. तिसऱ्यांदा आवाज चढवून विचारलं, तो जमिनीकडे पाहत राहिला.

मला वाटलं, मिळालं उत्तर. माणसं ओळखणारा शिपाई ना मी! आणि मग मी जे केलं ते लिहायला आजही हात अडखळतो. मी वर्गाला विचारलं, "कोणाकोणाला वाटतं यानेच घेतले?" एक हात वर झाला, मग चार, मग जवळजवळ सगळे. तेरा-चौदा वर्षांची मुलं ती, सरांचा चेहरा पाहून हात वर करत होती. मी ते बहुमत समजलो. छडी मारली नाही मी त्याला. मारली असती तर बरं झालं असतं. वडिलांना बोलावून आणायला सांगितलं.

चार दिवस तो आला. त्याच्या बाकावर दुसरं कोणी बसत नव्हतं. मग यायचा बंद झाला. वडिलांनी त्याला खामगावला मामाकडे पाठवलं, कापसाच्या जिनिंगवर कामाला, असं कळलं. शाळा सुटली ती सुटलीच.

महिनाभराने दुसऱ्या वर्गाच्या उत्तरपत्रिकांचा गठ्ठा सोडला आणि त्यातून पाकीट पडलं. एकशे चाळीस रुपये, जसेच्या तसे. खणात ठेवलं असं मला वाटत होतं, ते मी त्या गठ्ठ्यात घालून घरी नेलं होतं. मी मुख्याध्यापकांना सांगितलं, पैसे जमा केले, पावती घेतली. कागदोपत्री सगळं स्वच्छ. वर्गाला मात्र काही सांगितलं नाही. सरांची चूक वर्गापुढे कशी सांगायची? शिस्त राहील का? असं मी स्वतःला समजावलं. सहल झाली. मी खामगावला गेलो नाही. तिथे जायला एसटी होती, रविवार होते, मला काही अडचण नव्हती.

तो वर्गात का बसायचा ते मला फार उशिरा, त्याच गावच्या एका सहकाऱ्याकडून कळलं. त्याच्याकडे डबा नसायचा. बाकीची मुलं कडुनिंबाखाली डबे उघडून बसायची, म्हणून तो आतच थांबायचा. एवढंच त्या गप्प राहण्यामागे होतं. वर्गापुढे ते सांगण्यापेक्षा त्याने चोर ठरणं पत्करलं. की माझ्यापुढे सांगूनही उपयोग नाही असं त्याला वाटलं, कोण जाणे.

दोन वर्षांपूर्वी एका लग्नात पन्नाशीचा एक गृहस्थ येऊन पाया पडला. मी ओळखलं नाही. त्याने नाव सांगितलं आणि माझ्या हातातलं ताट हललं. आता त्याचा स्वतःचा धंदा आहे, मुलगी नर्सिंग शिकते आहे. बरंच बोलला. मग जरा थांबून म्हणाला, "सर, ते पैसे सापडले का मंग?"

मी म्हणालो, "सापडले होते. माझ्याच गठ्ठ्यात होते."

त्याने मान हलवली. "मले वाटलंच होतं. वर्गाले सांगतलं होतं का तुम्ही?"

त्याने माफी मागितली नाही की मागायला लावली नाही. फक्त एवढा एक प्रश्न. आणि मंडळी, त्या दिवशी गप्प राहायची पाळी माझ्यावर आली. मी ताटाकडे पाहत उभा राहिलो. तो म्हणाला, "जाऊ द्या सर. जेवून घ्या, थंड होऊन राह्यलं."

परवा दिवाळीत सगळी नातवंडं घरी होती. एकाच खोलीत बसून, आपापले फोन छातीशी धरून तोच खेळ चालला होता. कोणाला तरी बाहेर फेकलं आणि पडद्यावर अक्षरं उमटली, हा तोतया नव्हता. एकदम ओरडा झाला, "अरेरे, चुकलं! सॉरी, सॉरी!" मी नातवाला विचारलं, "हे दरवेळी सांगतात का?" तो म्हणाला, "आबा, ते सेटिंग आहे. बंद पण करता येतं. बंद केलं की कोण खरं कोण खोटं कळतच नाही, गेम खूप अवघड होतो."

माझ्या वर्गात ते सेटिंग मी चाळीस वर्षं बंद ठेवलं होतं.

हे लिहिण्याआधी त्याचा नंबर मिळवून फोन केला. लिहू का, असं विचारलं. त्याने जरा विचार केला आणि म्हणाला, "नाव नका लिहू सर. बाकी लिहा." म्हणून नाव लिहिलेलं नाही, गावही लिहिलेलं नाही. पण त्या आठवीच्या वर्गातली चार-पाच मुलं-मुली हा ब्लॉग वाचतात हे मला माहीत आहे. त्यांना कोणाबद्दल बोलतोय ते कळेल. तुमच्यापैकी बहुतेकांनी त्या दिवशी हात वर केला होता. तो दोष तुमचा नाही. हात वर करायला मी सांगितलं होतं.

तर मुलांनो, सहलीचे पैसे माझ्याकडेच होते. त्याने घेतले नव्हते. बाकीच्यांचे नंबर तुमच्याकडे असतील, त्यांनाही सांगा.

असो. डोळ्यातून पाणी येतंय, डॉक्टरांनी एका वेळी अर्धाच तास बसायला सांगितलं आहे. प्रतिक्रिया सावकाश वाचीन.